उजवा कौल

मासे कसे निवडायचे हे मला आईने शिकवलं नाही, बाजारातल्या एका मुलीने शिकवलं. आईने प्रयत्न कमी केले नव्हते. पण आई शिकवायला बसली की माझं डोकं भलतीकडेच. वाकोल्याच्या बाजारात ती मला पिशवी देऊन धाडायची. मी पहिल्या पाटीसमोर उभा राहायचो, दिसेल तो मासा घ्यायचो आणि घरी येऊन शिव्या खायचो. आई बांगड्याचे कल्ले उघडून बघायची, मग माझ्याकडे बघायची, मग पुन्हा बांगड्याकडे, आणि विचारायची की तुम्हा दोघांत जास्त मेलेला कोण ते मला सांग.

आम्ही मालवणी माणसं. पत्र्याच्या चाळीत एक खोली, पुढे ओटा, घरात आई, बाबा आणि मी. बाबा परळच्या गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर होते. मी मरोळच्या बाजूला एका लहान कारखान्यात स्टोअरकीपर. आलेला माल तपासून आत घ्यायचा, हे माझं काम. हातात व्हर्नियर घेऊन बोल्ट मोजायचे, केसभर फरक पडला की माल परत. कारखान्यात माझा दरारा होता. बाजारात मला कुणीही सडका मासा विकावा.

आमच्या कारखान्याला सुट्टी शुक्रवारची, आणि शुक्रवार म्हणजे माशाचा वार. अशाच एका शुक्रवारी मी एका पाटीसमोर बसलो आणि ऐटीत एक बांगडा उचलला. पाटीवर नेहमीची म्हातारी नव्हती, तिची मुलगी होती. तिने माझ्या हातातून तो बांगडा काढून घेतला आणि बाजूला टाकला. हा नको, हा आजचा नाही, म्हणाली. विकणारीच विकायला नको म्हणते, हे मी पहिल्यांदा बघत होतो. मी म्हटलं, मला कुठे कळणार होतं? तर म्हणाली, तेच ना, कळणाऱ्याला मी तो दाखवला तरी असता, तुला दिला तर पाप लागेल.

ती वेसाव्याची. वर्सोवा म्हटलेलं तिला चालायचं नाही. तिच्या बापाची आणि भावांची होडी होती, आई वाकोल्याच्या बाजारात बसायची. आईची कंबर धरली म्हणून ही बसायला लागली होती. मॅट्रिक पास होती, आणि ते ती बोलताना पाच-सहा वाक्यांत एकदा तरी सांगायची. आईशी बोलताना तिची कोळी बोली अशी काही सुटायची की मला निम्मं कळायचं नाही. माझ्याशी बोलताना मात्र शाळेतलं मराठी, तेही जरा फणकाऱ्यातलं.

मी लोखंड तपासतो हे कळल्यावर ती इतकी हसली की शेजारच्या पाट्यांवरच्या बायका वळून बघायला लागल्या. लोखंड कळतं आणि मासा कळत नाही? लोखंड काय नासतं का रे? मग तिने मला शिकवायला घेतलं. कल्ला उघडून आतला लाल बघायचा, तपकिरी दिसला तर हात मागे. बोटाने दाबायचं, खळगा पडला आणि भरला नाही तर सोडून द्यायचं. डोळा वर आलेला हवा. चुकलो की हातावर ओली चापट मारायची. दोनेक महिन्यांत आईने कल्ले उघडून बघणं सोडलं आणि माझ्याकडे बघणं वाढवलं.

मोजून झाल्यावर नेहमीच्या गिऱ्हाईकाला वर एक मासा टाकायची रीत असते. पाच घेतले की सहावा वरचा, मागायचा नसतो, तिने द्यायचा असतो. माझा वरचा मासा हळूहळू मोठा व्हायला लागला. आई घरी मोजायची, तो वरचा हातात धरून वजन घ्यायची. माझ्या आईला माशातलं सगळं कळायचं.

शुक्रवारी दुपारी तिची पाटी संपली की आम्ही एका उडप्याकडे कॉफी प्यायला बसायचो. येण्याआधी ती लिंबाच्या सालीने हात चोळून चोळून धुवायची. तरी बसल्यावर हात टेबलाखाली घ्यायची. मी एकदा तिचा हात वर ओढला आणि हुंगला, लिंबू आणि मासा दोन्ही होतं त्यात. मी म्हटलं, झकास, आता फक्त मीठ पाहिजे. तिने मला लाथ मारली, टेबलाखालून, आणि हात मात्र तसाच वर राहू दिला. मी आजही लिंबू पिळलं की क्षणभर थांबतो. बायको विचारते काय झालं, मी सांगतो काही नाही. तिला माहीत आहे सगळं, ती मुद्दाम विचारते.

पुढे काय झालं ते सांगण्याआधी मला एक कबूल करायचं आहे, म्हणजे वाचणाऱ्याला माझ्याबद्दल उगाच बरं वाटायला नको. त्या वर्षीच्या नारळी पुनवेला ती माझ्या कारखान्याच्या गेटवर आली होती. हातात डबा, त्यात नारळीभात. हिरवं लुगडं, अंबाड्यात अबोलीचा गजरा, सोन्याचं काय काय. दिसत होती अशी की गेटवरचा वॉचमन उठून उभा राहिला. मी चहाच्या टपरीवर दोन सहकाऱ्यांबरोबर होतो. डबा देऊन ती चार पावलं गेली असेल, एकाने नाक उडवून विचारलं, कोण रे ही? आणि मी म्हटलं, आमची मासेवाली. वर हसलो. तेही दोघं हसले.

तिने ऐकलं होतं. पुढच्या शुक्रवारी मी मान खाली घालून कॉफी ढवळत बसलो, तेव्हा तीच म्हणाली, "बरोबर बोललास. मासेवालीच आहे मी. पण आमची म्हणालास, ते मला बरं वाटलं."

एवढं मोठं मन समोर बसलेलं असताना माणसाने शहाणं व्हायला हवं होतं. मी नाही झालो.

तोवर गिरण्यांचा संप सुरू होऊन वर्ष उलटलं होतं. बाबा आधी पंधरा दिवसांत मिटेल म्हणायचे, मग गणपतीपर्यंत म्हणायला लागले, मग काहीच म्हणेनासे झाले. संप मिटला असं त्यांना कुणी कधी येऊन सांगितलंच नाही. सकाळी सवयीने लवकर उठून, अंघोळ करून, टोपी घालून ते ओट्यावर बसायचे. खोकला आधीच होता, तो आता दिवसभर ऐकू यायचा. चाळीतले लोक आमच्या घराकडे आता जरा वेगळं बघायचे, म्हणजे मला तसं वाटायचं. घर चालत होतं ते माझ्यावर.

अशात मी घरात लग्नाचं काढलं. तिच्या घरून होकार होता. तिची आई म्हणाली होती की मुलाकडून हो येऊ दे, आमच्या जातवाल्यांना मी बघते. माझ्या आईने पदराने हात पुसले आणि बाबांकडे बघितलं. बाबा बराच वेळ टोपीची घडी नीट करत बसले. मग म्हणाले की जातीबाहेरचं आहे, मी एकटा हो म्हणू शकत नाही आणि नाहीही म्हणवत नाही. गावी जाऊन देवाला कौल लाव. उजवा पडला तर मी दुसरा शब्द बोलणार नाही.

आमच्याकडे असंच असतं. घर बांधायचं, विहीर खणायची, पोरीचं लग्न ठरवायचं, काही अडलं की ग्रामदेवतेला विचारायचं. गुरव देवाच्या दोन्ही अंगांना ओल्या कळ्या चिकटवतो आणि गाऱ्हाणं घालतो. उजवी कळी आधी पडली तर देवाचा होकार, डावी पडली तर नकार. त्यावर अपील नाही. वेसाव्यातही देवाला विचारल्याशिवाय होडी पाण्यात जायची नाही. म्हणजे दोन्ही घरांत देवाच्या शब्दापुढे कुणाचा शब्द नव्हता.

मी मात्र त्यातून वेगळंच काढलं. मला वाटलं, बाबांच्या मनात नाही. तोंडावर नको म्हणवत नाही म्हणून त्यांनी मला देवाकडे ढकललं. माणूस घाबरला की त्याला समोरच्याच्या चेहऱ्यावर आपलीच भीती दिसते. हे मला आज कळतं.

वैशाखात एसटीने गावी गेलो, एकटाच. बाबांना प्रवास झेपणारा नव्हता. सकाळी देवळात गुरव, मी आणि दोन म्हातारे. गुरवाने कळ्या लावल्या आणि गाऱ्हाणं सुरू केलं. बा देवा महाराजा, ह्या तुझ्या लेकराच्या मनात जी इच्छा आसा... दोन्ही म्हातारे मागून होय महाराजा म्हणत होते. मला वाटलं होतं तासभर जाईल. कधी कधी कळ्या दुपारपर्यंत हलत नाहीत. पण गाऱ्हाणं संपतं न संपतं तोच उजवी कळी पडली. टप्प करून नाही, अलगद, घरंगळत. गुरवाच्या चेहऱ्यावर असं हसू आलं की जणू त्याच्याच पोराचं लग्न ठरलं होतं. ती कळी त्याने माझ्या तळहातावर ठेवली आणि घरात देवापुढे ठेव म्हणाला.

मला आनंद झाला का? खरं सांगायचं तर मी भ्यालो. देवाने हो म्हटलं होतं, म्हणजे आता बहाणा उरला नव्हता. आता मलाच करायचं होतं सगळं.

परतीच्या एसटीत माझ्या पुढच्या सीटवर गावातलेच दोघं होते. ते मला ओळखत नव्हते. कुणाच्या तरी मुलाने मुंबईत बाहेरची मुलगी केली होती, त्याच्यावर महाडपर्यंत त्यांचं चाललं होतं. त्या घरी आता पाणीसुद्धा कसं प्यावं, आईबापाला मान वर करायला जागा ठेवली नाही, वगैरे. दोघं मजेत होते, त्यांना वेळ घालवायचा होता इतकंच. मी मात्र मागे बसून ते सगळं आमच्या ओट्यावर आणून ठेवलं. टोपी घातलेले बाबा आणि त्यांच्यासमोरून हसत जाणारी चाळ. टपरीवरचं माझंच हसू मला आठवलं. जे मी हसलो तेच सगळे हसणार, असं मी धरून चाललो.

महाडच्या पुढे एसटी एका पुलावर आली तेव्हा मी खिशातली कळी काढली आणि खिडकीबाहेर टाकली. विचार करून टाकली असं नाही म्हणणार. टाकली आणि मग विचार करत बसलो.

घरी पोचलो तर बाबा ओट्यावरच उभे. पिशवीसुद्धा खाली ठेवू दिली नाही. "उजवो काय डावो?" मी म्हटलं, डावा. बाबांनी टोपी काढून हातात घेतली आणि बरां म्हणाले. आई आत चुलीपाशी होती, तिच्या हातातलं भांडं वाजलं. तेव्हाही माझ्या मूर्ख डोक्यात हेच आलं की चला, सुटले बिचारे.

तिला सांगितलं ते उडप्याकडेच. मी भ्यालो असं सांगितलं असतं तर तिने हसून, दोन टोमणे मारून माझी भीती घालवली असती. बाबा नाही म्हणतात असं सांगितलं असतं तर ती पाटी ठेवून थेट आमच्या ओट्यावर आली असती भांडायला. मला दोन्ही माहीत होतं. म्हणून मी असं नाव पुढे केलं ज्याच्याशी ती भांडू शकणार नव्हती. आयुष्यात पुष्कळ चुका केल्या, पण देवाच्या तोंडी खोटं घालायची चूक ही एकदाच.

तिने कप बाजूला सरकवला. मग विचारलं, डावी पडताना तू स्वतः बघितलीस? मी हो म्हटलं. तिने टेबलावरचा माझा हात तिच्या हातात घेतला.

"मग तुझा काय दोष? तुला एकट्याला उभं राहून बघावं लागलं रे ते."

मला वाटतं, तिने शिव्या घातल्या असत्या तर मी त्याच दिवशी खरं बोललो असतो. उठताना ती म्हणाली, बाजारात येत जा मात्र, नाहीतर पुन्हा कोणीतरी तुला सडकं विकेल. मी नाही गेलो. मासे आणायला आई जायला लागली, आणि मी बसस्टॉपला जायचा रस्ता बदलला, बाजार टाळून, चांगला दहा मिनिटांचा फेरा.

आई मासे घेऊन यायची तेव्हा मी पिशवीकडे बघायचो नाही. पण एकदा नजर गेलीच. पाच बांगडे आणि वर एक, सगळ्यांत मोठा. आईने तो माझ्याच ताटात वाढला.  मी काटा लागला असं सांगून उठलो.

त्याच दिवसांत बाबांना एक नवी सवय लागली. संध्याकाळी मी कामावरून आलो की ते ओट्यावर माझ्या शेजारी सरकून बसायचे.  मग हळूच विचारायचे, "काय सांगूचा आसा तुका?" मी म्हणायचो, काही नाही. बरां, म्हणायचे, आणि तरी उठायचे नाहीत. हे एकदा नाही, किती तरी संध्याकाळी. मला वाटायचं, काम नाही माणसाला, गप्पा मारायला कुणीतरी हवं असतं. कधी कधी मी चिडायचोसुद्धा. आता तो प्रश्न आठवला की मला बसल्या जागी कानकोंडं व्हायला होतं.

पुढच्या वर्षी दिवाळीनंतर आईने बाजारातून आल्यावर सांगितलं की तिचं लग्न ठरलं, वेसाव्यातच. मी बरं झालं म्हटलं. दुसरं काय म्हणणार? त्याच सुमारास एके दिवशी बाबा धुतलेलं धोतर, कोट घालून सकाळीच बाहेर पडले, गाववाल्याकडे लग्न आहे म्हणाले. परत आले ते थकून. टोपी काढली तर घडीत दोन अक्षता अडकलेल्या. मी त्या झटकायला गेलो तर त्यांनी माझा हात धरला आणि राहू दे म्हणाले. त्या दिवशी ते जेवले नाहीत. आईने आग्रह केला नाही.

त्यानंतर दोन वर्षांनी बाबा गेले. खोकल्यातच गेले. गिरणीतली धूळ डॉक्टरच्या कागदावर लिहिलेली नव्हती, पण आम्हाला ठाऊक होतं.

वर्षश्राद्धाला आई आणि मी गावी गेलो. कार्य झाल्यावर मी एकटाच नारळ घेऊन देवळात गेलो. गुरव आता पार वाकला होता, पण त्याने मला लगेच ओळखलं. बाबांचं ऐकून हळहळला. मग नारळ हातात तसाच ठेवून, डोळे बारीक करून त्याने विचारलं, "देवान उजवो दिल्यान. मगे लगीन कित्याक केलंस नाय?"

मी काहीतरी पुटपुटलो. तर त्याने सांगितलं ते असं. मी गावी पोचायच्या आधीच बाबांचं पोस्टकार्ड त्याला आलं होतं. त्यात लिहिलं होतं की पोराच्या मनासारखं होऊ दे असं माझ्या वतीने गाऱ्हाणं घाल, माझ्या मनातही तेच आहे. आणि खाली अजून एक ओळ होती. पोरगा लाजाळू आहे, आल्यावर धड बोलणार नाही, तेव्हा काय पडलं ते तूच मला कळव. गुरवाने दुसऱ्याच दिवशी वाकड्यातिकड्या अक्षरात कळवलं होतं. उजवा पडला म्हणून.

मी देवळाच्या पायरीवर बसलो. चार दिवसांत ते कार्ड वाकोल्याला पोचलं असणार. टपाल दुपारी यायचं, मी कामावर. म्हणजे बाबांना सगळं माहीत होतं. माझं खोटं त्यांच्या कोटाच्या खिशात होतं आणि ते रोज संध्याकाळी माझ्या शेजारी बसून, ते मीच परत घ्यावं म्हणून वाट बघत होते. मला तिथे रडू आलं. मोठ्याने आलं. गुरवाने मला पाणी दिलं आणि तो नारळ फोडायला आत गेला.

मुंबईला परत आल्यावर आई म्हणाली, गावचं गावाला झालं, पण ते जेवले या खोलीत, इथेही एक पान ठेवायचं. श्राद्धाचं गोड झालं की मग तिखटाचं, गेलेल्याला जे आवडायचं ते. बाबांना बांगड्याचं तिखलं. आईचे गुडघे धरले होते, तिने पिशवी माझ्या हातात दिली. पाच आण म्हणाली. कित्येक वर्षांनी मी त्या रस्त्याने गेलो.

ती तिच्याच जागेवर होती. जरा भरली होती, कपाळावर कुंकू मोठं, आवाज तोच. मला बघून तिने हातातला कोयता खाली ठेवला नाही, फक्त पाटी माझ्याकडे सरकवली. कल्ले बघ, म्हणाली, की विसरलास? मी बघितले. लाल होते. मी खाली बसलो आणि म्हटलं, "मला तुला एक सांगायचं आहे. तो कौल..."

"उजवा पडला होता," ती म्हणाली. बांगड्याचं डोकं उडवता उडवता म्हणाली.

मला वाटलं गुरव इथेही येऊन गेला की काय. पण बाबा आले होते. ते कार्ड मिळालं त्याच आठवड्यात, टोपी घालून, कार्ड खिशात घेऊन ते बाजारात तिच्यासमोर येऊन उभे राहिले होते. तिने त्यांना कधी पाहिलं नव्हतं, पण नाकावरून ओळखलं म्हणे. त्यांनी कार्ड तिच्या हातात दिलं. मॅट्रिक पास ना ती, तिने वाचलं. माझा मुलगा भ्याला आहे, वाईट नाही, असं ते म्हणाले. आणि जाताना म्हणाले, "वायच थांब गो बाय. तो येतलो."

म्हणून ती थांबली. तिने ते अगदी साधं सांगितलं. एक नारळी पुनव गेली, दुसरी गेली. घरचे मागे लागले, तिने काहीबाही कारणं दिली. बाबा महिन्यातून एकदा बाजारात यायचे, मासे न घेता नुसते उभे राहायचे. दुसऱ्या पुनवेनंतर आले तेव्हा त्यांच्याच डोळ्यांत पाणी होतं. आता थांबू नको म्हणाले. तिच्या लग्नाला आले, नारळ आणि खण घेऊन, आणि तिच्या बापाला सांगितलं की मी मुलीकडचाच समजा.

टोपीतल्या त्या दोन अक्षता. मला एकदम त्या दिसल्या.

मी विचारलं, तुला माहीत होतं तर तू मला विचारलं का नाहीस? माझा रस्ता बदलला होता, पण कारखाना तर तोच होता. गेटवर यायचं, कॉलर धरायची. माझा आवाज चढला असावा, शेजारच्या पाटीवरची बाई बघायला लागली. आता हिच्यावरच डाफरतोय मी, काय म्हणायचं याला.

तिला राग आला नाही. तिने कोयता बाजूला ठेवला, ओले हात फडक्याला पुसले आणि पहिल्यांदा माझ्याकडे नीट बघितलं.

"विचारून काय मिळालं असतं रे? तू हो म्हणाला असतास, पकडला गेलास म्हणून. मला तसा नको होतास. आपल्या पायाने यायला हवा होतास."

मला म्हणायचं होतं की मी आता आलोय. जिभेपर्यंत आलं होतं. पण तिच्या मांडीशी टेकून तिची दोनेक वर्षांची मुलगी एका कोलंबीच्या मिश्या ओढत बसली होती, आणि माझं सांगणं आता कुणाच्याच उपयोगाचं नव्हतं. मी नुसतं चुकलो म्हणालो. तिने मान हलवली, हो म्हटल्यासारखी. तिने नाही रे, तुझा काय दोष, असं म्हटलं नाही. ते ती एकदा म्हणून चुकली होती.

मग तिने मासे मोजले. पाच. पिशवीत घातले. मी उठलो तसा तिने पाटीतला सगळ्यांत मोठा बांगडा उचलला, त्याचा कल्ला मला उघडून दाखवला आणि वर टाकला.

"हा त्यांचा," ती म्हणाली. "तुझा नाही."

आईने पिशवी उघडली आणि सहा मोजले. कोणाकडून आणलेस ते विचारलं नाही. तिखलं केलं, भात केला, केळीच्या पानावर आधी बाबांचं वाढलं, तो वरचा बांगडा अख्खा ठेवला. पान घेऊन मी ओट्यावर गेलो, बाबा बसायचे त्या जागी ठेवलं आणि शेजारी, मी बसायचो तिथे बसलो. काय सांगूचा आसा तुका? आता उत्तर होतं माझ्याकडे. चाळ होती आजूबाजूला, लोक होते, पण मला पहिल्यांदाच त्यांचं काही वाटलं नाही. मी मोठ्याने म्हटलं, "बाबा, उजवो पडलेलो."

मागे आई दारात उभी होती. तिने सगळं ऐकलं होतं, आणि तिला नवल वाटलेलं दिसत नव्हतं. थोडा वेळ तिने मला तसंच बसू दिलं, मग म्हणाली, पानाभोवती पाणी फिरव आणि जेवूक ये.